रुखवतातली लालपट्टी

बजाजनगरात भागूबाई फरकाडेचं दुकान माहीत नसलेली बाई एकतर परवाच राहायला आली असंल, नाहीतर तिनं जन्मात साडी नेसली नसंल. श्रेया मॅचिंग सेंटर. ब्लाउजपीस, अस्तर, फॉल, परकर, हूक, आणि या सगळ्यावर भागूबाईची जीभ, ती फुकट.

गिऱ्हाईक साडी घेऊन आलं की ट्यूबलाइटखाली रंग बघणं तिला मंजूर नाय. साडी उचलायची, दोन तागे काखेत मारायचे आणि सरळ दुकानाच्या पायरीवर, उन्हात. एक तागा जरा गडद, एक जरा फिका, साडीच्या दोन अंगांना दोन धरायचे आणि मग मधला शोधत जायचं. "डब्यावरचा नंबर नका बघू हो," ती सांगणार. "नंबर त्योच राहतो. लॉट बदलला की रंग बदलतो. कंपनीला वाटतं बायका आंधळ्या."

आता एवढी चोख बाई, पण तिच्या एका गोष्टीवर घरात कुणाचा काडीचा विश्वास नव्हता. ती गोष्ट सिल्लोडची. श्रेया पोटात होती त्या सुमाराला तिचे मालक, सांडूभाऊ, बस स्टँडसमोर व्हिडिओ गेमचं दुकान चालवायचे. दुपारी भाऊ जेवून आडवे झाले की गल्ल्यावर भागूबाई. शाळा सुटेपर्यंत चिटपाखरू नाय. मग नवी नवरी बसून करणार काय? कोपऱ्यात कपाटाएवढा एक डबा, त्यात एक गेम होता. खरं नाव इंग्रजीत काहीतरी होतं, सगळं गाव त्याला लालपट्टी म्हणायचं. डोक्याला लाल पट्टी बांधलेला एक गडी, गुंडांना लाथा घालत घालत जातो, आणि शेवटाला चाबूकवाला जाडा सरदार. तर हा गेम भागूबाईनं एका कॉइनमधी शेवटपर्यंत नेला होता, म्हणे.

म्हणे, कारण बघायला कोण होतं? साक्षीदार एकच, आणि तो घोरत होता.

"पप्पा, खरं आहे का हो?" श्रेया विचारायची.

"असंल बुवा," सांडूभाऊ म्हणायचे. झोपलेल्या माणसानं अजून काय म्हणावं?

तर श्रेयाचं लग्न ठरलं. पोरगा मिहिर, समर्थनगरचा, कॉम्प्युटरमधला, गोरागोमटा आणि इतका मवाळ की चहा गार झाला तर चहाचीच माफी मागंल. त्याची आई प्रमोदिनीबाई, बँकेतून निवृत्त. बोलणं मोजकं, साडीला इस्त्री अशी की निरीवर बोट कापंल. बैठकीला सगळं गोडीत चाललं होतं आणि शेवटी प्रमोदिनीबाई अगदी मायेनं म्हणाल्या, "आणि हे बघा, रुखवत वगैरे करत बसू नका हं. हल्ली सगळीकडे तेच भाड्याचं असतं. तोच थर्माकोलचा बंगला, तीच काड्यांची विहीर. परवा दोन लग्नांना गेले तर दोन्हीकडे तीच बाहुली, नाकावरचा टवका सुद्धा तोच."

बिचारीनं विहिणीचे कष्ट वाचवायला सांगितलं. भागूबाईच्या कानात काय शिरलं? की तुमचं रुखवत ते काय असणार!

"विहीणबाई," ती म्हणाली, "आमच्या रुखवतात असं काहीतरी ठेवीन की तुम्ही हात लावल्याबिगर जायच्या नाय."

"काय ठेवणार?"

आता तिथं काहीतरी ठोस सांगणं आलं. भागूबाईच्या तोंडातून निघालं, "गेम! चालता-बोलता. लालपट्टी. आन लग्नाच्या दिवशी समद्यांसमोर एका कॉइनमधी पुरा करून दाखवीन."

श्रेयानं डोळे मिटले. सांडूभाऊंनी पोह्याच्या बशीत तोंड घातलं.

"आणि नाही झाला तर?" प्रमोदिनीबाईंनी विचारलं. बँकेतली बाई, विचारणारच.

"तर तुमच्या महालक्ष्म्यांना दरसाल मी येऊन पुरण वाटीन. पाट्यावर!"

"पाटा आहे आमच्याकडे," प्रमोदिनीबाई शांतपणे म्हणाल्या. "चांगला मोठा आहे."

झालं. बैठक उठली, आणि भागूबाईच्या मानेवर पाटा बसला.

डबा मात्र होता. सिल्लोडचं दुकान बंद झाल्यावर सांडूभाऊंनी सगळं विकलं, तेवढा एक डबा आणला. काचेच्या जागी फळी ठोकली आणि दुकानात परकर ठेवायला कपाट केलं. आता ते परकर निघाले, आत मिहिरचा जुना कॉम्प्युटर आणि स्क्रीन बसली, सांडूभाऊंनी दांडा आणि बटणं नवी लावली. राहिला गेम. मिहिर म्हणाला, "काकू, ते सगळ्यात सोपं."

जावई म्हणून पोरगा चांगला, भविष्य सांगायला कुचकामी.

त्यानं आधी भागूबाईला समजावलं. इम्युलेटर म्हणून एक प्रोग्राम असतो. तो कॉम्प्युटरला पटवून देतो की बाबा, तू कॉम्प्युटर नाहीस, सिल्लोडच्या दुकानातला डबा आहेस. कॉम्प्युटरला ते पटलं की त्यात गेमच्या फायली घालायच्या आणि खेळायचं. त्यानं अगदी ताजा इम्युलेटर घेतला, ताज्या फायली मिळवल्या, स्क्रीन लागली, लालपट्टी उभा राहिला. भागूबाईनं पदर खोचला आणि दांडा धरला. पहिला टप्पा, दुसरा, तिसरा. तिथं ती थांबली.

"कोंबडा कुठंय?"

"कसला कोंबडा?"

"इथं उजवीकडून कोंबडा येतो. त्याला लाथ घातली की जीव पुरा भरतो. हितं तर सफरचंद ठेवलंय! सफरचंदावर कुणाचं भागतं का? आन दोन्ही बटणं दाबली तर गडी भिंगरीसारखा फिरायचा, हा नुसता उभाय दगडासारखा."

मिहिरला वाटलं, वय झालं, काहीतरी घोटाळा होत असंल. तसं तोंडावर म्हणायची त्याची हिंमत नव्हती, पण चेहऱ्यावर आलं. तेवढ्यात आतून सांडूभाऊ आयुष्यात पहिल्यांदा साक्षीला उभे राहिले. "कोंबडा होता. माझ्या दुकानातला गेम होता, मी झोपलो तरी इतका नाय झोपलो."

मग उलगडा झाला. सिल्लोडला आलेला लालपट्टी कंपनीचा नव्हताच. कुण्या कारागिरानं उघडून, फेरफार करून, कोंबडा घालून विकलेला. आणि डब्यातला बोर्ड, म्हणजे गेम चालवणारं सर्किट, जळाला तेव्हा भाऊंनी कॉम्प्युटर बसवून तोच गेम जालन्याहून सीडीवर आणला होता. श्रेया तेव्हा बालवाडीत. सीडी सापडली हुकांच्या डब्याच्या तळाशी.

मिहिर खूश. सीडीतल्या फायली डब्यातल्या कॉम्प्युटरवर घेतल्या, ताज्या इम्युलेटरला दिल्या. इम्युलेटर म्हणाला, फायली अपुऱ्या आहेत. परत दिल्या. अपुऱ्या आहेत.

"पूर्ण तर आहेत," मिहिर डोकं खाजवत म्हणाला. "काय आहे काकू, हे इम्युलेटरवाले लोक लई... म्हणजे फार काटेकोर. दरवर्षी जुने बोर्ड पुन्हा तपासतात, आणि फायलींचे तुकडे नव्यानं पाडतात. नाव तेच, आतला माल वेगळा. आजचा इम्युलेटर आजचे तुकडे मागतो. आपली फाईल वीस वर्षांपूर्वीची."

भागूबाई त्याच्याकडं बघतच राहिली. "आवो जावईबापू, मग हे आधी नाय का सांगायचं? हा तर लॉटचा मामला झाला! साडी जुनी, तुम्ही तिला या साली निघालेलं अस्तर लावायलात. जुन्या लॉटचं अस्तर मिळत नाय का?"

"मिळतं. जुने इम्युलेटर सगळे ठेवलेले असतात. पण महिन्याला एक निघायचा, कुठला नेमका..."

"एक गडद काढा, एक फिका काढा."

मिहिरला कळायला जरा वेळ लागला. कळल्यावर त्यानं लॅपटॉप काउंटरवर मांडला आणि दोघं बसले. सीडीच्या सालाच्या बऱ्याच मागचा एक इम्युलेटर घेतला. फाईल त्यानं मुकाट उघडली, गेम चालू झाला, पण लालपट्टीची पट्टी निळी आणि कोंबडा हिरवागार. "आता हा पोपट झाला," भागूबाई म्हणाली. "लई मागं गेलो. पुढं या." पुढचा घेतला तर फायली अपुऱ्या. "लई पुढं आलो." मधला घेतला. पट्टी लाल, पण भिंगरी फिरताना आवाज गायब. मधे एक बाई परकराचा नाडा मागायला आली, तिला भागूबाईनं तिथंच बसवून घेतलं आणि पट्टीचा रंग विचारला. बाई म्हणाली, "जरा किरमिजी वाटतो." अजून जरा पुढं. आणि मग एका इम्युलेटरवर पट्टी लाल, भिंगरी घूं घूं, आणि तिसऱ्या टप्प्यात उजवीकडून कोंबडा आला. तुऱ्यासकट. तांबडा, तपकिरी, शेपटीला काळी झाक.

"ह्योच!" भागूबाई काउंटरवर थाप मारून ओरडली. "ह्योच तो माझा कोंबडा!"

नाडा मागायला आलेली बाई घाबरून नाडा न घेताच गेली.

आता गोष्ट इथं संपायला पाहिजे होती. पण भागूबाई म्हणजे भागूबाई. दुकानात रोज सकाळी झाडलोट झाल्याबिगर गल्ला उघडत नाय. लग्नाला आठवडा राहिला आणि तिला वाटलं, डब्यातल्या कॉम्प्युटरचीही जरा सफाई करावी. उंदीर हलवायला श्रेयानं शिकवलंच होतं. फायलींचा ढीग होता, एकेक उघडून बघितली. चालतो तो गेम ठेवला, चालत नाय तो काढला. त्यात एक फाईल अशी होती की कितीदा उघडा, नुसती काळी स्क्रीन. ना गडी, ना गाणं. "ही कशाला जागा अडवून बसलीय फुकटखाऊ," असं म्हणून ती काढली. आणि स्वच्छता म्हणजे स्वच्छता, कॉम्प्युटरमधली कचरापेटीही रिकामी केली.

मग लालपट्टी लावला. काळी स्क्रीन. दुसरा गेम लावला. काळी स्क्रीन.

तिनं मिहिरला फोन केला. "जावईबापू, तुमचा कॉम्प्युटर बिघडला बघा."

मिहिर आला, बघितलं, आणि मटकन परकरांच्या गठ्ठ्यावर बसला. "काकू, ती मुख्य बोर्डाची फाईल होती हो! ती एकटी चालत नाही, पण तिच्याशिवाय बाकीचं कुणीच चालत नाही."

"आता मला काय ठाऊक? तिनं सांगायचं नाय का तसं?"

नेटवर त्याच नावाची फाईल मिळाली. नव्या लॉटची. त्यांच्या जुन्या इम्युलेटरनं तिला उंबऱ्यातूनच परत पाठवली. मिहिरच्या लॅपटॉपवर नक्कल? नव्हती. "इम्युलेटर तपासून झाले, नेमका तो डब्यात बसवला, मग जागा हवी होती म्हणून काढलं," तो पुटपुटला. म्हणजे सासू-जावई एकाच माळेचे मणी, फक्त जावयानं कॉलेजात जाऊन हे शिकलेलं.

"सीडी आहे ना!" मिहिरचे डोळे चमकले. "काकू, सीडी कुठंय?"

भागूबाईनं हळूच बोट दाखवलं. काउंटरच्या मागं रुखवताचं सामान मांडलं होतं. त्यात समईखाली ठेवायची एक गोल चकती, मधे मोरपीस, भोवती लाल-हिरवे कुंदन, कडेला मोत्यांची माळ. नक्षी अशी की नजर ठरू नये.

"काम झालं होतं ना तिचं," भागूबाई म्हणाली. "चकचकीत होती. म्हटलं वाया कशाला घालायची?"

मिहिरनं ती चकती हातात घेतली, उलटली, पलटली. कुंदन नेमके चकाकत्या बाजूला. फेविकॉल लावून. त्याचा जो चेहरा झाला, त्याला उपमा नाय.

नेमक्या त्याच वेळी दुकानाच्या पायरीवर प्रमोदिनीबाई. हातात लग्नाची पैठणी, ब्लाउजपीस मॅच करायला आलेल्या. बघतात तर विहीणबाई आणि आपला मिहिर दोघं गरम पाण्याच्या परातीवर वाकलेले आणि अंगठ्याच्या नखानं मोती सोलतायत.

"हे काय चाललंय?"

भागूबाईला एक क्षण वाटलं, थाप मारावी. पण परात, मोती, सीडी आणि जावयाचा रडका चेहरा, एवढ्या सगळ्याला पुरंल अशी थाप तिलाही सुचेना. तिनं सगळं सांगितलं. सांगून झाल्यावर म्हणाली, "हसा आता. पाटा धुऊन ठेवा."

प्रमोदिनीबाई हसल्या नाहीत. त्यांनी पैठणी काउंटरवर ठेवली, चष्मा लावला, पर्स उघडली. "याला नेलपॉलिश काढायचं लावा. एका मिनिटात निघेल."

"आई, नको!" मिहिर इतक्या जोरात ओरडला की समोरचा मोबाइलवाला बाहेर आला. "प्लॅस्टिक विरघळेल! सगळं जाईल!"

"बरं बरं, ओरडतोस काय, मला काय ठाऊक तुझी सीडी कशानं विरघळते?" असं म्हणत प्रमोदिनीबाईंनी बाटली परत ठेवली, पदर खोचला आणि परातीपाशी बसल्या. तीन जोड्या नखं कामाला लागली. गरम पाणी गार झालं की सांडूभाऊ मुकाट नवं आणायचे. मोरपीस निघालं, लाल कुंदन निघाले, हिरवे मात्र हट्टी.

"लावलेत तर घट्ट," प्रमोदिनीबाई म्हणाल्या.

"आमचं काम कच्चं नसतं, विहीणबाई."

"ते दिसतंय."

सीडी पुसली, वाळवली, लावली. ती फिरली, अडली, खरखरली, परत फिरली. लालपट्टीची फाईल डब्यात होतीच, पाहिजे होती ती फुकटखाऊ. सीडीवर ओरखडे होते, काही फायली कायमच्या गेल्या, पण ती फुकटखाऊ सुखरूप आली. मिहिरनं तिथंच तीन ठिकाणी तिच्या नकला केल्या. एक त्यानं आईच्या मोबाइलवरही टाकली. "हिला हात लावायचा नाही," तो दोन्ही बायांना म्हणाला. लग्नाआधी सासूला दम देणारा पहिला जावई हाच असावा.

लग्न बीड बायपासच्या एका मंगल कार्यालयात. रुखवताच्या खोलीत लाडू, करंज्या, शेवयांचं जातं, आणि मधोमध झेंडूच्या माळा घातलेला डबा. पावण्यांची गर्दी तिथंच. लोकांना नवरीपेक्षा डबा बघायची घाई. "भागूताई, खेळा की!" "बोललात तर करून दाखवा!" सकाळपासून तिला एक क्षण मिळेना. कुणाला हळद पाहिजे, कुणाची पिशवी हरवली, आचारी विचारतोय बटाटे कुठले. शेवटी वरात पुढच्या चौकात नाचत अडकली तेव्हा तिनं पैठणीचा पदर खोचला, जुनं एक कॉइन कपाळाला लावून डब्यात टाकलं आणि दांडा धरला.

काय खेळली बाई! तिसरा टप्पा गेला, कोंबडा आला, लाथ बसली, खोलीत टाळ्या. पावणे खुर्च्यांवर चढले. भिंगरी घूं घूं. शेवटचा टप्पा आला, जाडा सरदार चाबूक उडवत उभा राहिला, आणि बाहेरून गुरुजींचा आवाज. "मुहूर्त! मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं!"

खोली क्षणात रिकामी. सगळे अक्षता घ्यायला पळाले. राहिली एकटी भागूबाई, समोर सरदार, बाजूला तुळशीची कुंडी आणि तांब्या. मुलीच्या आईनं मंगलाष्टकं चालू असताना तुळशीला पाणी घालायचं, ही फरकाड्यांची रीत. आणि हा गेम थांबवायचं बटण त्या कोंबडावाल्या कारागिरानं काही ठेवलेलं नव्हतं. दांडा सोडला तर गडी मेला, गडी मेला तर पाटा. पाणी नाय घातलं तर... पोरीच्या लग्नात रीत चुकवायची?

तेवढ्यात दारात प्रमोदिनीबाई. "आमच्याकडे मुलाच्या आईनं लग्न लागताना बघायचं नसतं. म्हटलं इथे येऊन बसावं..." त्यांनी स्क्रीन बघितली, तांब्या बघितला, विहिणीचा घामेजलेला चेहरा बघितला. बाहेर पहिलं मंगलाष्टक सुरू झालं.

"व्हा बाजूला," त्या म्हणाल्या. "तुम्ही पाणी घाला, मी धरते."

"तुम्हाला येतं का?"

"नाही. लवकर घाला."

भागूबाईनं तांब्या उचलला. हात जोडून, डोळे मिटून, श्रेयाचं नाव घेऊन ती पाणी घालायला लागली. पण कान मागं. "डावीकडं घ्या! चाबूक आला!"

"घेतलं!"

"दोन्ही बटणं!"

"अहो, फिरतोय हा गरागरा, थांबत नाही!"

"फिरू द्या! जीव किती राहिला?"

"एवढासाच. लाल झालाय. अहो, काहीतरी येतंय उजवीकडून. कोंबडा आहे."

"घाला लाथ!"

प्रमोदिनीबाईंचा हात थबकला. "मी? कोंबड्याला?"

"विहीणबाई, लाथ घाला!"

"आमच्या सात पिढ्यांत कुणी..."

"आवो, खायचा नाय तो, नुसती लाथ घालायचीय! पुरण मला वाटायला लावता काय!"

बाहेर "शुभमंगल सावधान" झालं. प्रमोदिनीबाईंनी डोळे घट्ट मिटले आणि बटण दाबलं. कोंबडा ओरडला. लालपट्टीचा जीव पुरा भरला. भागूबाईनं उरलेला तांब्या तुळशीत उपडा केला, ओल्याच हातानं दांडा घेतला आणि सरदाराला अशी भिंगरी घातली की तो पार स्क्रीनच्या टोकाला जाऊन पडला. बाहेर शेवटचं "सावधान", सनई, टाळ्या, अक्षता. आत स्क्रीनवर फटाके. दोघी विहिणी एकमेकींचे हात धरून नुसत्या उभ्या. पोरांचं लग्न लागलं होतं, डोळ्यांत पाणी होतं, आता ते कशाचं होतं ते ज्याचं त्यानं ठरवावं.

नाव लिहायला गेम तीन अक्षरं द्यायचा. भागूबाईनं पहिली दोन आपली टाकली आणि शेवटचं विहिणीला दिलं. प्रमोदिनीबाईंनी चष्मा सारखा करून पी शोधला.

लोक आत धावत आले. पुढं सांडूभाऊ, आज टक्क जागे. "झाला? पुरा झाला?"

सगळ्यांनी प्रमोदिनीबाईंकडं बघितलं. पैज त्यांच्याशी होती.

"झाला," त्या म्हणाल्या. "एका कॉइनमध्ये. माझ्यासमोर."

खोलीत गलका झाला. त्या गलक्यात प्रमोदिनीबाई विहिणीच्या कानाशी लागल्या. "ते कोंबड्याचं कुणाला सांगू नका हं."

भागूबाईनं रुखवतातली करंजी उचलून त्यांच्या हातात ठेवली. "कोणता कोंबडा?"